खांद्याच्या वर नाही

ठराव पडला तेव्हा विनयाचे दोन्ही हात मांडीवर होते.

“स्वतःच्याच ठरावाला हात वर केला नाहीत, वहिनी?” धैर्यशीलने मागच्या रांगेतून विचारलं. सभा इंग्रजीत चालली होती; टोमणा तेवढा मराठीत आला.

“मतं मोजणाऱ्या नायरीला माझं मत तोंडी सांगितलंय,” विनया म्हणाली. “ते धरूनच पडला.”

ऑकलंडमधल्या बॉटनी डाउन्सजवळच्या त्या छोट्या गोल्फ क्लबात बायकांचा वार मंगळवार, आणि शनिवारची सकाळ पुरुषांची. असा नियम कुठेच लिहिलेला नव्हता, प्रथा होती. बायका दिवसभर घरी असत त्या काळात ती पडली होती. आता सभासद बायकांत नर्स होत्या, इंजिनियर होत्या. विनया मनुरेवातल्या एका फार्मसीत फार्मासिस्ट होती. ती रविवारी काम करून मंगळवारची सुट्टी घेई. पुढच्या महिन्यापासून ती सुट्टी बंद होणार होती. म्हणून शनिवारची सकाळ बायकांनाही खुली करावी, असा तिचा ठराव होता. शनिवार मिळाला नाही, तर तिचा खेळ संपत होता.

धैर्यशील पुरुषांचा कॅप्टन. पुण्याचा, आयटीतला, कुणाचं घर बदलायचं असलं की आपली गाडी घेऊन हजर होणारा, आणि क्लबात सगळ्यांत लांब चेंडू मारणारा. त्याचं म्हणणं साधं होतं. बायका हळू खेळतात, मागचे खोळंबतात. बायकांची कॅप्टन नायरी हिने त्याला विचारलं होतं, एकदा तरी मंगळवारी येऊन पाहिलंस का? मंगळवारी माणसं कामाला जातात, असं त्याने हसून सांगितलं होतं.

सभेनंतर सगळे बारपाशी जमले. पुरुषांच्या टेबलासमोरच्या भिंतीवर एक जुना फोटो होता. क्लबचा वर्धापनदिन जवळ आला म्हणून नायरीने तो आठवड्यापूर्वी लावला होता. इंग्लंडमधल्या बायका, लांब घागरे, मोठाल्या हॅट, हातात गोल्फच्या काठ्या.

“काठी कमरेच्या वर जातच नाहीये यांची,” धैर्यशील म्हणाला.

विनयाने सांगितलं की त्या काळी तिथे बायकांना वेगळं, इवलंसं मैदान देत. बाईने काठी खांद्याच्या वर नेणं शोभत नाही, असं शिकलेले पुरुष लिहीत.

“मग?”

“मग त्यांनी स्वतःची संघटना काढली, स्वतःच्या स्पर्धा भरवल्या, आणि काठी हवी तेवढी वर नेली. परवानगी मागितली नाही कुणाची.”

“तुम्ही मात्र मागताय.”

विनयाने कप खाली ठेवला. “मागत नाही. खेळून घेते. बोला.”

आजूबाजूचे वळून बघू लागले. धैर्यशीलला गंमत वाटली. वर्धापनदिनी तीन होल खेळू, तो म्हणाला, सगळ्यांसमोर, अगदी या फोटोतल्यासारखं. कमी फटक्यांत चेंडू खड्ड्यात घालेल त्याचा होल; काठी खांद्याच्या वर गेली की एक फटका दंड. वहिनी जिंकल्या तर शनिवारचा ठराव तो स्वतः मांडेल, आणि पुरुषांची मतं त्याच्यामागे येतील.

“हा नियम बायकांचा अपमान करायला केला होता,” विनया म्हणाली.

“म्हणजे नको?”

“दोघांना सारखा असेल तर खेळेन.”

“सारखाच. साडी मात्र तुम्हीच नेसा,” धैर्यशील म्हणाला, आणि टेबल हसलं.

वर्धापनदिनाच्या सकाळी वारा होता. पार्किंगमध्ये विनयाची मुलगी इरा तिचे केस बांधत होती. रोजच बांधायची.

“डोन्ट मूव्ह, आई. हरलीस तरी स्वीट अ‍ॅज, चालेल.”

“हरायला आले नाहीये.”

साडी नव्हती. नेहमीची पँट, नेहमीचे बूट. पंच नायरी होती. दोन्हीकडचे सभासद पहिल्या होलभोवती उभे होते.

धैर्यशीलने अर्ध्यावर काठी रोखली आणि चेंडू गवतात वीस पावलं घरंगळला. पुरुषांनी हसत टाळ्या वाजवल्या. विनयाचा चेंडू फार उंच गेला नाही, फार लांबही नाही. जिथे जायला हवा तिथे गेला. वारा वरून वाहत राहिला. पहिला होल तिने घेतला.

दुसऱ्यावर धैर्यशीलने लांबून चेंडू खड्ड्यात घातला आणि बरोबरी केली. आता त्याचं हसणं थांबलं होतं. प्रत्येक फटक्याआधी तो स्वतःच्या खांद्याकडे बघत होता.

तिसरा होल लांब होता. विनया तिच्या संथ लयीत पुढे सरकली. तिला कुठेच घाई नव्हती आणि कुठेच थांबावंही लागलं नाही. धैर्यशीलला अंतर गाठायचं होतं. त्याने जोर लावला, आणि काठी सवयीने थेट डोक्याच्या वर गेली.

नायरीने बोट दाखवलं. एक फटका दंड.

“सवय आहे हो,” धैर्यशील म्हणाला. “कुणाला जमणार हे?”

विनयाने शेवटचा चेंडू हळूच ढकलला. तो खड्ड्यात पडल्याचा आवाज सगळ्यांनी ऐकला.

धैर्यशीलने शब्द फिरवला नाही. तिथेच, गवतावर उभं राहून, त्याने ठराव मांडला. यापुढे शनिवारची सकाळ सगळ्यांची. बाजूने असतील त्यांनी हात वर करावेत. आधी बायकांचे हात गेले, मग एकेक करून पुरुषांचे. नायरी मोजत मोजत विनयापाशी येऊन थांबली.

या वेळी विनयाने दोन्ही हात उचलले होते. ते खांद्याच्या रेषेत येऊन थांबले.

“दोन मतं नाहीत हं, वहिनी,” धैर्यशील म्हणाला. “आणि नीट वर करा की. जिंकलात आता.”

“एवढेच जातात,” विनया म्हणाली. “कॅन्सरच्या ऑपरेशनपासून. गोल्फ मी त्यानंतर शिकले.”