आईच्या ओठांवरचं

“आईचे ओठ सारखे हलताहेत, पण काय म्हणतेय ते कुणाला कळेल तर शपथ. तूच बघ बाई. तुझं पोटच त्यावर चालतं,” दादा म्हणाला.

एकोणीस वर्षांत दादा तिच्याशी एका दमात एवढं पहिल्यांदाच बोलला होता.

ती हॉस्पिटलच्या खोलीच्या दारातच थांबली. आईच्या गळ्याला छेद देऊन नळी बसवली होती. श्वास तिथूनच चालत होता, त्यामुळे तोंडातून आवाज निघत नव्हता. डॉक्टर सकाळीच सांगून गेले होते, आजचा दिवस, काय बोलायचं ते बोलून घ्या. ऐकायचं कसं, ते मात्र त्यांनी सांगितलं नव्हतं.

“मी समोर आलेली चालेल का तिला?” तिनं विचारलं.

“आता तिच्या चालण्या-न चालण्याचं काय घेऊन बसलीस?”

चोविसाव्या वर्षी ती नाटक कंपनीबरोबर दौऱ्यावर गेली, त्या दिवसापासून आईनं एकुलत्या एका मुलीशी बोलणं टाकलं होतं. तीन वर्षं गावोगावची थिएटरं झाली. मग दोन सिनेमांत नायिकेची बहीण. पुढे चेहऱ्याचं काम आटलं आणि आवाजाचं लागलं. आता परभाषेतल्या नायिका तिच्या आवाजात रडायच्या. साबणाच्या जाहिरातीतली सून, बँकेच्या फोनवर ‘कृपया थांबा’ म्हणणारी बाई, कार्टूनमधलं खडूस बदक, सगळी तीच.

कामात खोच एकच. पडद्यावरच्या बाईचे ओठ कुठं मिटतात ते पकडायचं. प, फ, ब, भ, म. तेवढी अक्षरं जागेवर बसली की मधे काहीही भरा, लोक खरं मानतात.

“तुमचा आवाज टीव्हीवर लागला की आई उठून आत जातात,” वहिनीनं एकदा फोनवर सांगितलं होतं. वहिनी फटकळ होती, पण खोटं बोलणारी नव्हती. घरची बित्तंबातमी तिच्याकडूनच कळायची.

ती पलंगाशी गेली. आईनं डोळे उघडले. ओठ हलले, थांबले, पुन्हा हलले. ती बराच वेळ बघत राहिली. मग टेक घेण्याआधी खाकरायची तशी खाकरली आणि दादाकडे वळली.

“‘घराच्या कागदांवरून तुला नाही नाही ते बोलले. मनात ठेवू नकोस. चूक माझी होती.’”

आवाज हुबेहूब आईचा होता. तोच किनरेपणा, वाक्य संपताना मान झटकावी तसा तोच सूर.

त्या भांडणापासून दोन वर्षं दादा आईच्या खोलीत ताट ठेवायचा आणि मुकाट बाहेर यायचा. पन्नाशीचा मिशीवाला माणूस, भिंतीकडे तोंड करून ढसाढसा रडायला लागला.

“आणि मला?” वहिनीनं घाबरत विचारलं.

ती पुन्हा ओठांकडे बघत राहिली.

“‘सून फटकळ आहे. पण माझं अंग तिनंच पुसलं, नाक न मुरडता. पोटच्या पोरीनं केलं नसतं.’”

“फटकळ म्हणाल्या?” वहिनीला रडता रडता हसू फुटलं. “मग आईच त्या. शंकाच नको.”

धाकटा भाऊ इतका वेळ दाराला टेकून उभा होता. “ताई, माझ्यासाठी काही?”

“‘धाकट्याला म्हणावं, लग्नाचं वय अजून गेलेलं नाही. पण आधी ती दाढी काढ.’”

धाकट्यानं दाढीवरून हात फिरवला आणि तो हात तसाच डोळ्यांवर नेला.

दादानं नाक पुसलं. “आणि तुला? तुला काय म्हणाली?”

आईची नजर तिच्यावरच होती. ओठ हलतच होते.

“काही नाही.”

“नीट बघ की.”

“नीटच बघितलं, दादा. कामच आहे माझं.”

वहिनीनं तिच्या पाठीवर हात ठेवला. “मनाला लावून घेऊ नका, वन्सं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तशातली गत. आपण काय करणार?”

“चल, खाली चहा घेऊ,” दादा म्हणाला. एकोणीस वर्षांत हेही पहिल्यांदाच.

“तुम्ही व्हा पुढे. आलेच.”

तिघं गेले. जिन्यात वहिनी ‘फटकळ’ म्हणून पुन्हा हसल्याचं ऐकू आलं. खोलीत ती आणि सलाइनची बाटली बदलणारी सिस्टर, दोघीच उरल्या.

“ताई, एक विचारू? रागावणार नाही ना?”

“विचारा.”

“माझी अठरा वर्षं अशा नळीवाल्या पेशंटांतच गेली. ओठावरचं थोडंफार मलाही कळतं.” सिस्टर अवघडली. “तुम्ही सांगितलंत, त्यातलं एक अक्षरही त्या बोलल्या नाहीत.”

तिनं दार तेवढं लोटून घेतलं.

“परवापासून एकाच नावाचा धोशा लावलाय त्यांनी. आत्तासुद्धा तेच चाललंय.” सिस्टरनं आईची उशी सारखी केली. “ही बबडी कोण हो? नात असेल तर बोलावून घ्या लवकर. जीव अडकलाय त्यांचा तिच्यात.”

“आलीय,” ती म्हणाली.