भागाबाईची घागर

बसा भाऊ, चहा घ्या. तुमची दिल्लीची गाडी लेट आहे, जळगावात ती कधी वेळेवर आली? तोवर एक गोष्ट सांगतो. यावलच्या वर, केळीच्या बागा संपल्या की सातपुड्याच्या पायथ्याला पांढरं मोठं गेट आहे. काळाचं विद्यापीठ. काळ हळू कसा करायचा, ते शिकवतात तिथं. आम्ही घड्याळ कॉलेज म्हणतो. हसू नका. हसायची गोष्ट नाही ही.

आखाजीचा, म्हणजे अक्षय्य तृतीयेचा दिवस. ऊन असं की गेटाची कडी धरवत नव्हती. भागाबाई डोक्यावर कोरी मातीची घागर घेऊन आली आणि सरळ आत घुसली. गेटावरचा हिलाल तिच्याच गल्लीतला. तो मागं पळतोय.

"मावशी, आज नको ना! बाहेरदेशाचे पाहुणे येताहेत खोली बघायला. माझी नोकरी जाईल."

"जाऊ दे. माझ्या पोराची चालूच आहे अजून."

ती खोली काचेची. तिच्यात मशीननं काळ पार मंद केलेला. आत अमृत, भागाबाईचा एकुलता एक, तिथला शिपाई. उंबरा ओलांडायला एक पाय उचललेला, हातात चष्मा. बाहेर येतोय. किती वर्षं झाली, येतोच आहे. त्याला वाटत असेल, आत्ता तर साहेबानं हाक मारली. त्याला ओढून काढता येत नाही की मशीन बंद करता येत नाही. केलं तर बाहेर गेलेली सगळी वर्षं एकदम त्याच्या अंगावर पडतील म्हणे.

कुलगुरू प्रेमराज सर त्या खोलीसमोरच्याच केबिनच्या दारात उभा होता. शिंदखेड्याकडचा, आमचाच माणूस. टेबलावर पाहुण्यांचे हार तयार. त्यानं घागर बघितली आणि आवाज मऊ केला.

"अक्का, हे कशाला आणलं? अमृत जिवंत आहे. जित्या माणसाची घागर भरत नाहीत."

"त्याची कोण भरतंय?" भागाबाईनं घागर खाली ठेवली. "त्याचा तो पाय कधी टेकणार, ते सांग."

साहेबानं घसा साफ केला. "टेकेल तेव्हा बघायला आपण कोणी नसू. पण अक्का, विज्ञानाच्या दृष्टीनं पाहिलं तर..."

"तुझी दृष्टी मला सांगू नको. मशीन चालू असताना तुझाच चष्मा आणायला धाडलं होतंस त्याला. तू चष्मा नवा केलास. मी पोरगा कुठून नवा करू?"

हिलाल खाली बघायला लागला. साहेबानं घाम पुसायला रुमाल काढला. भागाबाईनं त्याचं मनगटच धरलं. त्याच्या बोटाला कुंकू होतं.

तुम्ही इकडचे नाहीत, म्हणून सांगतो. आखाजीला आमच्याकडं घरातल्या गेलेल्या माणसांची नावं घेतात, एकेका नावाला उंबऱ्यावर कुंकवाचं एकेक बोट ओढतात. पाण्यानं घागर भरतात, वर खरबूज ठेवतात. त्या पाण्यावर गेलेल्यांची तहान भागते. मायबापाची घागर पोरगा भरतो.

"सकाळी कोणाची भरली?" भागाबाईनं विचारलं.

"वडिलांची."

"हां. तुझ्या बापाला पोरगा आहे." मग ती ओरडली. तिकडं काच वाजली असेल, एवढ्या मोठ्यानं. "अन् मी मरसू, तवय मनी घागर कोन भरी? तो? तो त पाय उचलीसन उभा शे!"

म्हणजे ती मेल्यावर तिची घागर कोण भरणार? साहेब म्हणाला, "विद्यापीठातर्फे आपण काहीतरी व्यवस्था..."

"विद्यापीठ नई. तू भरशी."

"मी दरवर्षी एखाद्या शिपायाला सांगत जाईन, अक्का."

"शिपायाला सांगूनच तर झालं हे सगळं!"

साहेबाचं तोंड उतरलं. मनगट तिनं सोडलं नव्हतं.

"अमृतच्या बापाची आजवर मी भरली. मी गेल्यावर दोघांची राहील. घे दोघांची नावं. तेच तुझं वचन."

"अभिमन," साहेब पुटपुटला. "भागाबाई."

"मोठ्यानं. आत ऐकू जायला वेळ लागतो."

साहेबानं मोठ्यानं नावं घेतली. बाहेर उभ्या कॉलेजच्या पोरांनी माना वळवल्या.

तेव्हा तिनं मनगट सोडलं. घागर उचलली आणि केबिनच्या उंबऱ्यावर पालथी घातली. "मी जिती आहे तोवर अशीच राहील. हलवायची नाही." आणि काचेकडं न बघता निघून गेली.

मागून पाहुणे आले. घागरीशेजारी वाकून फोटो काढले. फार सुंदर वस्तू आहे म्हणाले.

ह्या थंडीत भागाबाई गेली, भाऊ. आखाजी तोंडावर आली. प्रेमराज सर मोठ्या जागेवर दिल्लीला गेला. नव्या साहेबानं पालथ्या घागरीवर दिवा बसवून घेतलाय, शोभेला. अमृतचा पाय होता तिथंच आहे. हिलाल म्हणतो मी भरतो. मीही भरीन, पाण्याला काय लागतं? पण वचन तिनं आमच्याकडून घेतलं नव्हतं.

ती बघा, आली तुमची गाडी. दिल्लीला उतरलात की त्या प्रेमराज सरला गाठा. भांडू नका, शिव्या देऊ नका. समोर उभे राहा आणि तिचं नाव घ्यायला लावा. मोठ्यानं.