फळीच्या अलीकडे

थोरला आत आला तेव्हा त्याच्या तोंडात खिळे नव्हते.

धाकट्याला तिथेच शंका आली. दोघे भाऊ सोफे बनवणारे. मूठभर बारीक खिळे तोंडात धरायचे, जिभेने एकेक पुढे सरकवायचा आणि ठोकायचा, ही त्यांच्या धंद्याची रीत. दुकानाच्या मधोमध फळी उभी राहिल्यापासून या रीतीचा दोघांना फार उपयोग झाला होता. दारात समोरासमोर आले की दोघेही घाईघाईने खिळे तोंडात टाकत. मग बोलायचा प्रश्नच उरत नसे.

भांडण सोफ्यात काथ्या भरायचा की स्पंज, यावरून झालेलं. थोरला काथ्याचा, धाकटा स्पंजचा. एकदा थोरला गिऱ्हाइकासमोर म्हणाला, "याचा सोफा म्हणजे पुढाऱ्याचा शब्द. विसंबून बसलात की खाली गेलात." गिऱ्हाईक पोट धरून हसलं. धाकटा हसला नाही. त्याने प्लायवूडची फळी आणून उभी केली, आणि रागाच्या भरात इतकी पातळ आणली की पलीकडची शिंकसुद्धा अलीकडे ऐकू येई. कित्येक वर्षं त्या शिंकांपलीकडे दोघांचा संबंध नव्हता.

"माझ्या पोटात पॉलिप निघालेत," थोरला उभ्याउभ्याच म्हणाला. "जठराच्या अस्तरावर, चामखिळीसारखे."

"दुखतं का रे दादा?" धाकट्याच्या तोंडून गेलं, आणि त्याला स्वतःचाच राग आला.

"माझं राहू दे. डॉक्टरबाई म्हणाल्या, सख्ख्या भावानेही दुर्बिणीने तपासून घ्यावं. उद्याची वेळ घेतलीय. उपाशीपोटी यायचंय. मी आलो नसतो इकडे, पण त्यांनी बजावलंय."

धाकट्याने हातोडी खाली ठेवली. त्याचं स्वतःचं पोट गेले काही महिने ठीक नव्हतं. दोन घासांत पोट भरे. सोफ्याची एक बाजू उचलली तरी धाप लागे. काम करता करता तो मध्येच भिंतीला टेकून बसे. बायको दवाखान्यात चला म्हणाली की तो म्हणे, "पित्त आहे. मला काय धाड भरलीय?" खरं म्हणजे त्याला नको तोच रोग झालाय अशी त्याची खात्री होती. मुलगी अजून शाळेत होती. जोवर तपासत नाही तोवर आपल्याला काही झालेलं नाही, असा त्याचा हिशेब होता. पण आता दादालाच झालंय म्हटल्यावर आणि डॉक्टरांनीच बोलावल्यावर तो हिशेब चालेना. तो बरं म्हणाला.

दुर्बीण आत गेली. पॉलिप एकच होता, पण बोराएवढा. डॉक्टरबाईंनी तारेच्या फासात धरून तो तिथल्या तिथे काढला आणि तपासायला पाठवला. थोरला बाहेर बाकावर धाकट्याच्या चपला आणि शर्टाची पिशवी सांभाळत बसला होता.

निकाल यायचा होता तेवढे दिवस थोरला रोज अलीकडे येऊ लागला. कधी दोरा संपला म्हणून, कधी गोंद वाळला म्हणून. एकदा आलाच होता तर त्याने धाकट्याच्या सोफ्याचं रेक्झिन ताणून धरलं आणि धाकट्याने ठोकलं. आत स्पंज होता, तरी थोरला काही बोलला नाही.

निकालाच्या दिवशी धाकटा खुर्चीच्या कडेवर बसला. शेजारी थोरला.

"कॅन्सर नाही," डॉक्टरबाई आधी तेवढंच म्हणाल्या. "पण पुढे झाला असता. सगळे पॉलिप सारखे नसतात. बरेचसे गरीब असतात, जन्मभर पडून राहतात. तुमचा त्यातला नव्हता. मुळासकट निघालाय. त्यातून थोडं थोडं रक्त जायचं, म्हणून धाप लागायची. पोटात जंतूही सापडलेत, त्यांची औषधं मध्येच सोडू नका. वर्षाने पुन्हा दुर्बिणीने बघू. अगदी वेळेवर आलात."

धाकट्याला रडू आलं आणि त्याने ते लपवलं नाही. मुलीचं लग्न आपण बघणार, हे त्याला बऱ्याच दिवसांनी खरं वाटलं.

"तुमचे उपकार," तो म्हणाला. "दादाचं बघून तुम्ही मला बोलावलं नसतं, तर मी आलो नसतो."

"मी?" डॉक्टरबाईंनी चष्मा काढला. "यांचे पॉलिप गरिबांतले. वर्षानुवर्षं मनाने पित्ताच्या गोळ्या खाल्ल्या, त्याचे. त्यात भावाला तपासायचं काय कारण? मी यांना गोळ्या बंद करा म्हटलं, बस. काय हो, मी असं कधी म्हणाले?"

थोरला टेबलावरच्या निकालाच्या कागदाची घडी घालू लागला.

"नव्हतात म्हणाला," तो हळूच म्हणाला. "माझं याने ऐकलं नसतं, म्हणून तुमचं नाव घेतलं. काम करता करता याची हातोडी मध्येच थांबायची, बाई. ती पुन्हा सुरू होईपर्यंत पलीकडे माझा जीव थाऱ्यावर नसायचा."