देठाचं केळं

रंगनाथने अठ्ठावीस केळी शेकोटीजवळच्या गोणपाटावर मांडली आणि सत्तावीस केळ्यांचे देठ मोडून टाकले. एकाचा तेवढा ठेवला. त्या केळ्यात गूळ घालायचा नव्हता.

गंगापूर धरणाच्या काठावर नववीच्या मुलींचं शिबिर होतं. स्वयंपाकाला हात लावायला कुणी पालक येईल का, असं उज्वला मॅडमनी ग्रुपवर विचारलं आणि पुढच्याच मिनिटाला रंगनाथने 'मी येतो' म्हणून कळवलं. इतका हौशी बाप मॅडमना आजवर भेटला नव्हता. हौस कसली डोंबलाची. त्याच्या मुलीला, तेजस्विनीला, दीड वर्षापासून मधुमेह होता. दिवसातून चार वेळा इन्सुलिन टोचून घ्यावं लागायचं, आणि ही गोष्ट तिला, त्याला आणि तिच्या आईला सोडून कुणालाही ठाऊक नव्हती. अगदी शाळेलासुद्धा. मुलीची जात, उद्या लग्नाचं बघायचं आहे, झाकली मूठ सव्वा लाखाची, असं त्याच्या बायकोचं, मैनाचं म्हणणं होतं. रंगनाथने तेव्हा मान डोलावली होती. आता तिला शिबिराला एकटी पाठवायची म्हटल्यावर त्याचा जीव टांगणीला लागला होता.

घरी सगळं मापात असायचं. भात काट्यावर, पोळी काट्यावर. सातपूरच्या कारखान्यात तो तपासणीला होता, केसाएवढा फरक दिसला तरी माल बाजूला काढायची सवय. पण इथे उघड्या माळावर, सत्तावीस पोरींच्या देखत, काटा कुठून काढणार? म्हणून हा देठाचा उपाय. केळं सालीसकट उभं चिरायचं, पोटात किसलेला गूळ आणि खोबरं भरायचं आणि निखाऱ्यात सरकवायचं. देठाच्या केळ्यात नुसतं खोबरं. अंधारात कुणाच्या लक्षात येतंय, असं त्याला वाटलं होतं.

साली काळ्या पडल्या, गूळ उतू जाऊन चर्र वाजू लागला, आणि दिवसभर डोंगर चढून आलेल्या पोरी ताटल्या घेऊन भोवती जमल्या. रंगनाथ चिमट्याने एकेकीला वाढत होता. तेजस्विनीची ताटली पुढे आली तशी त्याने देठाचं केळं अलगद उचललं आणि तिच्या ताटलीत ठेवलं.

तिने देठाकडे पाहिलं. मग शेजारणीच्या ताटलीत पाहिलं. मग बापाकडे.

ती वळून सरळ मॅडमकडे गेली, तुम्हाला कमी गोड लागतं ना, म्हणत ते केळं त्यांच्या ताटलीत सरकवलं, आणि परत येऊन उभी राहिली.

"बाबा, मला सगळ्यांसारखं द्या."

नको, हा शब्द रंगनाथच्या ओठापर्यंत आला. पण मागे रांग होती, पोरी बघत होत्या, आणि नको म्हटलं तर का नको, हेही सांगावं लागलं असतं. त्याने दुसरं केळं उचललं. गूळ ताटलीत ओघळला. तेजस्विनी ताटली सांभाळत सामानाच्या टेम्पोच्या मागे निघून गेली आणि तिच्या चारपाच मैत्रिणी तिच्या मागोमाग गेल्या.

दोन मिनिटं गेली. इन्सुलिनचं पेन तिच्या पिशवीत असणार आणि पिशवी तंबूत. तंबूकडे तर ती गेलीच नव्हती. म्हणजे तशीच खातेय. मैत्रिणींसमोर टोचून घ्यायचं नाही, हे त्यानेच तिला दहा वेळा बजावलं होतं. मागच्या दिवाळीला एका लाडवापायी रात्रभर दवाखान्यात बसावं लागलं होतं, आणि तो दवाखाना घरापासून हाकेच्या अंतरावर होता. इथून गावात पोचायलाच पाऊण तास.

मॅडम केळं खात जवळ आल्या. यात गूळ घालायला विसरलात वाटतं, असं त्या हसून म्हणाल्या. हो, विसरलो, म्हणत त्याने टेम्पोकडे पाहिलं. पलीकडे पोरी कशावर तरी ओणवून उभ्या होत्या. एकीचाही आवाज येत नव्हता.

 लाज, लग्न, सव्वा लाखाची मूठ, सगळं जागच्या जागी राहिलं आणि तो हातातल्या चिमट्यासकट धावत सुटला. पोरींना हाताने दूर सारत तो आत घुसला.

तेजस्विनी दगडावर बसली होती. सदरा पोटावरून थोडा वर केलेला, हातात पेन. केळ्याची ताटली शेजारी होती आणि केळ्याला तिने अजून हातही लावला नव्हता. एकीने टॉर्च धरला होता. कशिश, तिची बाकावरची मैत्रीण, बोटांवर हिशेब करत होती. त्याला पाहून ती दचकली नाही. उलट बरं झालं आलात, असंच तिच्या चेहऱ्यावर होतं.

"केळ्याचे तीन युनिट झाले," ती म्हणाली. "काका, गूळ किती चमचे घातला तुम्ही एकात?"

"दोन," तो म्हणाला. "सपाट."

"मग एकूण चार," तेजस्विनी म्हणाली आणि पेनाची चकती फिरवू लागली. तिने वर पाहिलं नाही.

रंगनाथला धाप लागली होती. एकेकीच्या तोंडाकडे तो बघत राहिला. कुणालाच नवल वाटलेलं नव्हतं.

"तुम्हाला कधीपासून माहीत आहे हे?"

"आठवीपासून," कशिश म्हणाली. "काका, जरा बाजूला व्हा ना. तुमची सावली पडतेय, आकडा दिसत नाहीये."