ढगात पुढे कोणीतरी

“ढगात शिरलास की डोळे विसर पोरा, पडद्यावरची रेघ धर,” असं गुरू म्हणायचा. उपग्रहाने आखलेल्या त्या रेघेवरून दमलेला कोल्म विमान उतरवत होता. खाली बेटावर अडलेली बाळंतीण त्याची वाट पाहत होती.

तिथे विमानांना सूचना देणारा नियंत्रण मनोरा नव्हता. प्रत्येक वैमानिक आपला ठावठिकाणा रेडिओवर स्वतःच सांगे. आज कोल्मच्या आधीच कोणीतरी तीच ठिकाणं सांगत होतं. पडद्यावर मात्र दुसरं विमान नव्हतं.

“कोण हा? झोपेत बोलतोय जणू!” कोल्म म्हणाला.

शेजारी बसलेली सहवैमानिक टॅमसिन हसली नाही.

ज्या उंचीवर धावपट्टी दिसलीच पाहिजे, नाहीतर विमान परत वर घ्यायचं, त्या उंचीवर आवाज अर्ध्या शब्दात तुटला. कोल्मही तिथे पोचला. नुसता ढग. बाईच्या काळजीने तो तरीही खाली निघाला.

“वर घे, कोल्म! मघापासून सांगवेना... तो आवाज तुझाच होता.”