आडव्या बाटलीची पिशवी

गावातलं दारूचं दुकान बंद करायला दीपमालानं दारोदार फिरून बायकांना मतदानाला बाहेर काढलं. दारूबंदीची खूण असलेली आडवी बाटली जिंकली, तेव्हा पहिला गुलाल तिच्या मालकांनी, रिटायर सुभेदारांनी, उधळला होता. प्रचाराच्या कापडी बॅनरची तिनं त्यांना मिलिटरी कँटीनातलं साबण-तेल आणायला पिशवी शिवून दिली. आज यात्रेच्या दुपारी दोघांचा कॉलेजातला लेक उसाच्या बांधावर बेशुद्ध सापडला. पैजेवर त्यानं अख्खी बाटली एका दमात रिचवली होती. दवाखान्यात डॉक्टर काहीच खात्रीनं सांगेनात. त्याच्या मित्रानं कँटीनातल्या रमच्या रिकाम्या बाटलीसकट पिशवी तिच्या हातात दिली. पिशवीवर आडव्या बाटलीचं चित्र होतं. तिनं मालकांकडं पाहिलं. "भाईरची भेसळ पिन्यापरीस घरातली बरी म्हनून मीच दिली," सुभेदार पुटपुटले. "थोडी थोडी पी म्हनलं हुतं." दीपमालानं पिशवी त्यांच्या मांडीवर ठेवली. "मग तवा गुलाल कशाचा उधळलासा?"