झिरझिरीत

"हात लावू नका हं, आजी. कातडी अगदी झिरझिरीत आहे तिची," नुजहत सिस्टर म्हणाल्या.

सगुणाबाईंनी पुढे केलेला हात मागे घेतला. सातव्याच महिन्यात आलेली त्यांची नात काचेच्या पेटीत निजली होती. छातीवर निळ्या शिरांचं जाळं. श्वास घेतला की फासळ्या आत जात, आणि पुन्हा वर येईपर्यंत सगुणाबाईंचाही श्वास अडकून राही.

बाळाला पुण्याला न्यायला गाडी निघाली होती. ती इथे पोचायच्या आत सिस्टरांना आईच्या चिकाचा एखादा थेंब तरी बाळाच्या तोंडात घालायचा होता. पण पलीकडच्या खाटेवर बसलेल्या रत्नाला दूध उतरत नव्हतं. दाबून दाबून छाती लाल झाली होती.

"आत्या," तिनं सासूला विचारलं, "झिरझिरीत म्हंजी? आपल्यात फाटाय आलेल्या लुगड्याला म्हणत्यात."

सगुणाबाईंच्या डोळ्यांपुढेही तेच लुगडं आलं होतं. बोट लागलं की जाणारं.

"लुगड्याचं मागनं आलं," त्या म्हणाल्या. "आदी झिरा. उन्हाळ्यात ओढा आटला की वाळूत खड्डा खणतो न्हवं आपण? पानी कुठनं येतं ते दिसत न्हाई, पर झिरत ऱ्हातं. तसं ज्यातनं काय तरी अल्याड येतं, ते झिरझिरीत."

"खरं?"

"व्हय."

खरं की खोटं, त्यांना ठाऊक नव्हतं. आवाज मात्र त्यांनी हलू दिला नाही. सुनेच्या पाठीवर हात ठेवून म्हणाल्या, "आन् झिऱ्यात घाईनं वाटी घातली, तर नुसता गाळ निगतो. दम धर."

रत्नानं डोळे मिटले. आवळलेले खांदे हळूहळू सैल झाले. खाली रस्त्यावर एखादी गाडी थांबली, की सिस्टर खिडकीकडे बघत.

मग एक थेंब आला. पिवळसर, चिकट. सिस्टरांनी तो अलगद सिरिंजमध्ये ओढला, पेटीचं गोल झाकण उघडलं आणि बाळाच्या गालात सोडला.

बाळ हललं नाही.

सगुणाबाईंनी काचेला कपाळ टेकलं. त्या पातळ कातडीखाली, गळ्याशी, काही तरी वर सरकलं आणि खाली गेलं.

"गिळलं," त्या म्हणाल्या. "रत्ने, म्या बगितलं. गिळलं तिनं."